‘एकुलता एक’ : एका शब्दाचे ज्यू, ख्रिस्ती आणि मुस्लीम वाचन

मराठीत ‘एकुलता एक’ असे आपण ज्याला सख्खे भावंड नाही अशाच मुलाला म्हणतो. घरात थोरला मुलगा असताना कोणी धाकट्याला एकुलता एक म्हटले, तर ऐकणारा लगेच विचारील, की मग तो थोरला कोणाचा? ज्यूंची शास्त्रार्थाची परंपरा कशी चालते हे समजून घ्यायला याच प्रश्नापासून सुरुवात करता येते, कारण हिब्रू बायबलच्या पहिल्या ग्रंथात, ‘उत्पत्ति’च्या 22व्या अध्यायात, तो अगदी असाच उभा राहतो. देव ज्यूंचा मूळपुरुष अब्राहाम याची परीक्षा पाहायचे ठरवतो आणि त्याला सांगतो, की तुझा मुलगा, तुझा एकुलता एक, ज्याच्यावर तुझे प्रेम आहे तो, इसहाक, याला घेऊन मोरिया देशात जा आणि मी दाखवीन त्या डोंगरावर त्याचे होमार्पण कर. ‘एकुलता एक’ यासाठी मूळ हिब्रूत ‘यहीद’ हा शब्द आहे. आता त्याच ग्रंथाच्या आधीच्या अध्यायांत हे स्पष्ट सांगितले आहे, की दासी हागारेच्या पोटी इश्माएल जन्मला तेव्हा अब्राहाम 86 वर्षांचा होता आणि पत्नी सारेच्या पोटी इसहाक जन्मला तेव्हा तो 100 वर्षांचा होता. हागार आणि इश्माएल यांना घराबाहेर काढले गेले होते हे खरे, पण मुलगा घराबाहेर गेला म्हणून तो मुलगा राहत नाही असे कोणता बाप म्हणेल?

जुन्या रब्बींनी, म्हणजे ज्यू धर्मपंडितांनी, हा पेच एका संवादाने सोडवला. देव म्हणतो, “तुझा मुलगा घे.” अब्राहाम म्हणतो, “मला दोन मुलगे आहेत.” देव म्हणतो, “तुझा एकुलता एक.” अब्राहाम म्हणतो, “हा त्याच्या आईचा एकुलता एक, आणि तो त्याच्या आईचा एकुलता एक.” देव म्हणतो, “ज्याच्यावर तुझे प्रेम आहे तो.” अब्राहाम म्हणतो, “पोटातल्या मायेला कुठे बांध घातलेले असतात?” तेव्हा कुठे देव नाव घेतो : इसहाक. मूळ वचनात अब्राहामाच्या तोंडी यातला एकही शब्द नाही. वचनात फक्त एकामागून एक चार वर्णने आहेत, आणि ज्या लेखनात एक अक्षरही वायफळ नाही अशी श्रद्धा आहे, त्यात एकाच मुलाची चार वर्णने कशाला, हा प्रश्न वाचकाला पडतो. रब्बींनी त्या चार वर्णनांच्या मधल्या तीन मोकळ्या जागा पाहिल्या आणि तिथे बापाला बोलते केले. एका व्याकरणाच्या अडचणीतून बापाचे दुःख बाहेर काढणारी ही रीत मला जगाच्या वाङ्मयातल्या अत्यंत कोमल गोष्टींपैकी एक वाटते.

या रीतीला मिद्राश म्हणतात. हिब्रूत ‘दराश’ म्हणजे शोधणे, विचारणे. त्यावरून मिद्राश म्हणजे शोध घेऊन काढलेला अर्थ. आपल्या ओळखीचा अरबी ‘मदरसा’ हा शब्दही याच कुळातला मानला जातो. मिद्राशला आपण टीका किंवा भाष्य म्हणू शकतो, पण भाष्यकार सहसा ग्रंथाबाहेर उभा राहून बोलतो, तर मिद्राशकार ग्रंथाच्या आत शिरून, दोन शब्दांच्या फटीत बसून बोलतो.

ही रीत इतकी का वाढली याची दोन कारणे सांगता येतात. पहिले कारण लिपीचे आहे. हिब्रू प्राचीन काळापासून मुख्यतः व्यंजनांत लिहिली जाते आणि सिनेगॉगमध्ये (ज्यूंच्या प्रार्थनागृहात) वाचल्या जाणाऱ्या तोराच्या, म्हणजे हिब्रू बायबलच्या पहिल्या पाच ग्रंथांच्या, गुंडाळीत आजही स्वरचिन्हे नसतात. तीच व्यंजने स्वर बदलून वाचली की निराळा शब्द तयार होतो, आणि रब्बींनी याचा जाणूनबुजून उपयोग केला. यशया या संदेष्ट्याच्या ग्रंथात ‘बनायिख’, म्हणजे तुझी मुले, असा शब्द आहे. तालमूद हा रब्बींच्या चर्चांचा ग्रंथ म्हणतो, तो ‘बनायिख’ असा वाचू नका, ‘बोनायिख’ असा वाचा, म्हणजे तुझे बांधकाम करणारे. मग वचनातून असा अर्थ निघतो, की जे विद्या शिकतात ते जगात शांतता बांधतात. मूळ उच्चार चुकीचा आहे असा दावा इथे कोणी करत नाही. दोन्ही वाचने शेजारी शेजारी नांदतात. (तिबेरियस येथील मासोरा पंडितांनी पुढे, इसवी सनाच्या 7व्या ते 10व्या शतकांत, स्वरचिन्हांची पद्धत बसवून पारंपरिक उच्चार लिखित रूपात पक्का केला.)

दुसरे कारण इतिहासाचे आहे. इ. स. 70 मध्ये रोमन सैन्याने जेरुसलेमचे मंदिर उद्ध्वस्त केले. यज्ञ, पुरोहित, उत्सवाची यात्रा हे सगळे ज्या एका जागेवर अवलंबून होते ती जागाच गेली, आणि समाजाला एकत्र धरून ठेवायला ग्रंथ आणि त्याचा अर्थ एवढेच हाती उरले. सुमारे 200 साली रब्बी यहूदा हनासी यांनी तोवर तोंडी चालत आलेल्या नियमांचे संकलन केले, ते मिश्ना. त्यावरच्या कित्येक पिढ्यांच्या चर्चांतून पॅलेस्टाइनमध्ये एक आणि बॅबिलोनियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये, त्याहून विस्तृत असा दुसरा तालमूद तयार झाला. तालमूदचे वैशिष्ट्य असे, की ज्याचे मत हरले त्याचेही मत त्यात जपून ठेवलेले असते. त्यातला एक भाग आचारनियमांचा, त्याला हलाखा म्हणतात, आणि दुसरा कथा, उपदेश व कल्पनेचा, त्याला अग्गादा म्हणतात. हलाखा पाळावी लागते. अग्गादेबाबत वाचकाला बरीच मोकळीक असते. हा फरक पुढे एका मोठ्या वादात उपयोगी पडणार आहे.

आता ‘यहीद’ या शब्दाकडे परत येऊ, कारण तो एव्हाना दुसऱ्या भाषेत गेला होता. इसवी सनापूर्वी 3ऱ्या शतकात इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात तोराचा ग्रीक अनुवाद होऊ लागला. तो ज्यूंनी ज्यूंसाठी केला होता. तिथल्या पुष्कळ ज्यूंना हिब्रू येत नव्हती. या अनुवादकांनी बाविसाव्या अध्यायातल्या ‘यहीद’साठी ग्रीकमध्ये ‘एकटा’ या अर्थाचा शब्द घेतला नाही. त्यांनी ‘आगापेतोस’, म्हणजे लाडका, प्रिय, हा शब्द योजला. इश्माएल असताना ‘एकुलता’ म्हणणे त्यांनाही खटकले असावे, असे मला वाटते. पण या निवडीचा परिणाम त्यांच्या कल्पनेपलीकडचा झाला. पहिल्या शतकात ख्रिस्ती शुभवर्तमाने, म्हणजे येशूची चरित्रे, ग्रीकमध्येच लिहिली गेली, आणि मार्ककृत शुभवर्तमानात येशूचा बाप्तिस्मा होताच आकाशातून जी वाणी होते ती ‘तू माझा प्रिय पुत्र आहेस’ असे म्हणते, तेव्हा ‘प्रिय’साठी शब्द ‘आगापेतोस’ हाच आहे. ग्रीक बायबल ज्यांच्या कानात बसले होते, त्यांना इथे मोरियाच्या डोंगराकडे निघालेला मुलगा आठवणे साहजिक होते. नव्या करारातल्या, म्हणजे बायबलच्या ख्रिस्ती भागातल्या, ‘इब्री लोकांस पत्र’ या लेखात हीच कथा पुन्हा येते, तेव्हा तिथे ‘मोनोगेनेस’, म्हणजे एकुलता एक, असा शब्द आहे, आणि देव मेलेल्यांतूनही उठवू शकतो असे अब्राहामाने मनाशी धरले होते, असा अर्थ लावला आहे.

ख्रिस्ती वाचनाची मुख्य रीत इथे दिसते. जुन्या करारातली, म्हणजे हिब्रू बायबलातली, घटना खरी घडली, पण ती पुढे येणाऱ्या मोठ्या घटनेची सावलीही होती, असे ते मानतात. इसहाक स्वतःच्या होमाची लाकडे पाठीवर घेऊन डोंगर चढतो. येशू आपला क्रूस घेऊन वधस्तंभाच्या टेकडीकडे जातो. इसहाकाच्या जागी झुडपात अडकलेला एडका मिळतो. ख्रिस्ती वाचनात तो एडकाही येशूच आहे. दुसऱ्या शतकात सार्दिस शहराचा बिशप मेलितो याने ही तुलना केली होती.

यात एक गोष्ट अशी आहे, की जी पहिल्यांदा वाचली तेव्हा मी पान उलटवून पुन्हा मागे आलो. ‘उत्पत्ति’वरचा ज्यूंचा जुना मिद्राशसंग्रह, उत्पत्ति रब्बा, सुमारे पाचव्या शतकात पॅलेस्टाइनमध्ये सिद्ध झाला. त्यात ‘अब्राहामाने होमाची लाकडे घेऊन इसहाकाच्या पाठीवर ठेवली’ या वचनावर एवढीच टीप आहे : जसा कोणी आपला क्रूस खांद्यावर वाहतो तसा. ही उपमा रब्बींनी शेजारच्या ख्रिस्त्यांकडून घेतली, की ख्रिस्त्यांना उत्तर म्हणून दिली, की रोमन राजवटीत अशा शिक्षा सगळ्यांनीच रस्त्यावर पाहिल्या होत्या म्हणून ती सहज आली, याचा निकाल त्या एका ओळीवरून लावता येत नाही. पण हे लोक एकमेकांच्या इतके जवळ राहत होते हे त्यातून नक्की कळते. सीरियात फुरात नदीकाठी दुरा-युरोपोस नावाचे गाव होते. तिथल्या सिनेगॉगच्या भिंती 244-245 साली रंगवल्या गेल्या. तोरा ठेवण्याच्या कोनाड्याच्या वरच अब्राहाम आपल्याकडे पाठ करून उभा आहे, वेदीवर लहानसा इसहाक आहे आणि झाडाजवळ एडका आहे. त्याच गावात, त्याच तटबंदीच्या आत, ख्रिस्ती लोकांचे प्रार्थनाघरही होते. शतकाच्या मध्यास शत्रूचा वेढा पडणार म्हणून तट मजबूत करताना दोन्ही इमारती मातीने भरल्या गेल्या आणि त्यामुळेच दोन्हींची चित्रे टिकली.

जवळीक असली तरी ती सोपी नव्हती. यशयाच्या सातव्या अध्यायात ‘अल्मा’ला मूल होईल असे भाकीत आहे. हिब्रूत अल्मा म्हणजे तरुण स्त्री. ग्रीक अनुवादात तिथे ‘पार्थेनोस’, म्हणजे कुमारी, हा शब्द आला आणि शुभवर्तमान लिहिणाऱ्या मत्तयाने तो येशूच्या जन्माला लावला. दुसऱ्या शतकापासून ज्यू व ख्रिस्ती यांच्यात या एका शब्दावर कडवा वाद चालू झाला, आणि ज्यूंमध्ये अक्विला नावाच्या अनुवादकाने तिथे ‘तरुणी’ असाच ग्रीक शब्द ठेवून नवे भाषांतर केले. पण वाद करायचा तर मूळ पाठ माहीत हवा, आणि मूळ पाठ ज्यूंकडे होता. म्हणून ख्रिस्ती पंडित ओरिगेनने तिसऱ्या शतकात हिब्रू पाठ व निरनिराळी ग्रीक भाषांतरे सहा स्तंभांत शेजारी शेजारी मांडली. पुढे जेरोम या दुसऱ्या ख्रिस्ती पंडिताने बेथलेहेममध्ये राहून हिब्रूवरून लॅटिन अनुवाद केला. त्याने एका पत्रात लिहून ठेवले आहे, की बरानिना नावाचा त्याचा ज्यू शिक्षक आपल्याच लोकांच्या भीतीने रात्री शिकवायला येत असे. पश्चिम युरोपने हजार वर्षे जे बायबल वाचले, त्यात रात्रीच्या दिव्याखाली झालेल्या या शिकवणीचा वाटा आहे.

सातव्या शतकात अरबस्तानात कुराण आले आणि कथेला तिसरा वाचक मिळाला. कुराणाच्या 37व्या सूरेत, म्हणजे अध्यायात, इब्राहिम मुलाला म्हणतो, की मी तुला कुर्बान करतो आहे असे स्वप्नात पाहिले, तुझे काय म्हणणे आहे ते सांग. मुलगा म्हणतो, बाबा, तुम्हाला जी आज्ञा झाली आहे ती पाळा, अल्लाहची इच्छा असेल तर मी धीर धरणाऱ्यांपैकी आहे असेच तुम्हाला दिसेल. ‘उत्पत्ति’त मुलाला काही विचारलेच जात नाही, कुराणात तो स्वतः होकार देतो. मात्र त्याचे नाव त्या प्रसंगात येत नाही. बकरी ईदच्या निमित्ताने आपण सगळेच इब्राहिम आणि इस्माईल यांची गोष्ट ऐकत आलो आहोत, त्यामुळे हे वाचून अनेकांना आश्चर्य वाटेल. सुरुवातीच्या मुस्लीम भाष्यकारांत यावर दोन मते होती. 923 साली वारलेल्या तबरीने आपल्या विशाल भाष्यात दोन्ही बाजूंची कथने एकापुढे एक नोंदवली आणि स्वतःचा कौल इसहाकच्या बाजूने दिला. पुढे इस्माईलचे मत प्रबळ झाले आणि चौदाव्या शतकात दमास्कसच्या इब्न कसीरने ते जोरकसपणे मांडले. त्याच्या युक्तिवादाचा एक आधार कुराणातला क्रम हा आहे, कारण इसहाकच्या जन्माची शुभवार्ता त्या सूरेत कुर्बानीच्या प्रसंगानंतर येते. दुसरा आधार मात्र थेट ज्यूंच्या ग्रंथातला आहे. तो म्हणतो, की त्यांच्याच ग्रंथात अल्लाहने इब्राहिमला ‘वहीद’, म्हणजे एकुलता, मुलगा कुर्बान करायला सांगितले असे आहे. आणि इसहाक जन्मण्यापूर्वीच्या काळातला इस्माईल सोडला तर एकुलता म्हणावा असा मुलगा इब्राहिमला कधी नव्हताच. तेव्हा इसहाकचे नाव तिथे मागाहून घातले गेले असले पाहिजे.

अरबी ‘वहीद’ आणि हिब्रू ‘यहीद’ हे सख्खे शब्द आहेत. वहिदा हे नाव आपल्याला माहीत आहेच, ते त्याचेच स्त्रीरूप. ज्या खडबडीत जागेपाशी रब्बी अडखळले होते, नेमक्या त्याच जागेवर इब्न कसीरने बोट ठेवले. रब्बींनी तिथे बापाचे मन पाहिले, ग्रीक अनुवादकांनी शब्द मऊ केला, ख्रिस्त्यांना त्यात देवाचा पुत्र दिसला आणि इब्न कसीरला पाठातला बदल दिसला.

वाद होता, तशी देवघेवही होती, आणि ती दोन्ही बाजूंनी होती. उत्पत्ति रब्बात इसहाक बापाला सांगतो, की मी तरुण आहे, सुरीच्या भीतीने माझे अंग थरथरेल, तुम्हाला त्रास होईल आणि अर्पणात खोट येईल, म्हणून मला घट्ट बांधा. या साऱ्या प्रसंगालाच ज्यू ‘अकेदा’, म्हणजे बांधणे, असे म्हणतात. तबरीने नोंदवलेल्या एका कथनात मुलगा जवळजवळ हेच बोलतो : बाबा, माझे बंध आवळून बांधा, म्हणजे मी तडफडणार नाही. आणखी एक उदाहरण. ‘उत्पत्ति’त काइनाने हाबेलचा खून केल्यावर देव म्हणतो, तुझ्या भावाच्या रक्ताची हाक येते आहे, हिब्रूत तिथे ‘रक्त’ हा शब्द अनेकवचनी आहे. त्या अनेकवचनावरून मिश्नाने असा अर्थ काढला, की मेलेल्यासोबत त्याचा पुढचा सारा वंशही मारला गेला, म्हणून जो एक जीव घेतो त्याने जणू सारे जग नष्ट केले. कुराणाच्या 5व्या सूरेत, याच दोन भावांच्या कथेला जोडून, इस्रायलच्या संततीला आम्ही असे फर्मावले होते, या शब्दांत हेच तत्त्व येते. इस्लामी परंपरेत अशा ज्यू-ख्रिस्ती कथनांना ‘इस्राईलियात’ असे वेगळे नावच पडले, आणि त्यांतली कोणती स्वीकारावीत याची छाननी विद्वानांनी शतकानुशतके केली.

उलट दिशेचे उदाहरण मला अधिक मोलाचे वाटते, कारण ते उंबरठ्याचे आहे. बुखारीच्या हदीससंग्रहात, म्हणजे प्रेषितांच्या वचनांच्या व आठवणींच्या संग्रहात, अशी कथा आहे, की इब्राहिम मक्केला मुलाला भेटायला गेले. इस्माईल घरी नव्हता. सुनेने गरिबीचे रडगाणे गायले. तेव्हा ते निरोप ठेवून गेले, की नवऱ्याला म्हणावे, घराचा उंबरठा बदल. इस्माईलने निरोपाचा अर्थ ओळखून ती बायको सोडली. पुढच्या भेटीत दुसऱ्या सुनेने अल्लाहचे आभार मानले, तेव्हा निरोप आला, उंबरठा राहू दे. आठव्या शतकाच्या सुमारास, म्हणजे मुस्लीम राजवटीत, रचलेल्या ‘पिरके द-रब्बी एलिएझर’ या ज्यू ग्रंथात ही गोष्ट आहे. तिथे अब्राहामाने सारेला शब्द दिला आहे, की उंटावरून खाली उतरणार नाही. तो भाकर-पाणी मागतो, पहिली सून देत नाही, दुसरी देते. निरोप तोच, उंबरठ्याचा. आणि त्या दोन सुनांची नावे आहेत आयेशा आणि फातिमा. एक नाव प्रेषित मुहंमदांच्या पत्नीचे आणि दुसरे मुलीचे आहे, तेव्हा ती लिहिणाऱ्याच्या कानावर कुठून आली हे सांगायला नको. शेवटी या ज्यू ग्रंथात असेही येते, की बापाची माया अजून आपल्यावर आहे हे इश्माएलाला कळले. मायेला बांध नसतात म्हणणारा मिद्राश आणि ही गोष्ट एकाच मनातून आल्यासारखी वाटते.

अरबी भाषेने ज्यूंना कथांपेक्षाही मोठी गोष्ट दिली, ती म्हणजे व्याकरणाची शिस्त. कुराणाच्या अभ्यासासाठी मुस्लीम पंडितांनी अरबीचे व्याकरण आणि कोश फार बारकाईने रचले होते. इजिप्तमध्ये जन्मलेले आणि बॅबिलोनियातल्या सुरा येथील विद्यापीठाचे प्रमुख झालेले सादिया गाओन (882–942) यांनी तोराचा अरबी अनुवाद केला, आणि तो ‘तफसीर’ या नावानेच ओळखला जातो. कुराणाच्या भाष्यालाही हाच शब्द आहे. कोर्दोबात यहूदा हय्यूज यांनी दहाव्या शतकात अरबी व्याकरणाच्या धर्तीवर दाखवून दिले, की हिब्रू क्रियापदांच्या मुळाशी तीन व्यंजने असतात, जरी त्यांतले एखादे कधी लोप पावलेले दिसले तरी. आज हिब्रू शिकणारा कोणताही विद्यार्थी पहिल्या महिन्यात हे शिकतो. पण त्याआधीच्या पिढ्यांना कोशात शब्द कोणत्या धातूखाली शोधायचा हेच नीट ठरवता येत नव्हते.

या शिस्तीतून ‘पेशात’, म्हणजे वचनाचा सरळ अर्थ, याला नवे बळ आले. मिद्राशने हिशेब केला होता, की सारा इसहाकाच्या जन्माच्या वेळी 90 वर्षांची होती आणि 127व्या वर्षी वारली, तिच्या मृत्यूची बातमी अकेदाच्या पाठोपाठ येते, म्हणजे अकेदाची बातमी ऐकूनच तिचा प्राण गेला. तेव्हा त्या वेळी इसहाक 37 वर्षांचा होता. असा प्रौढ मुलगा म्हाताऱ्या बापाकडून बांधून घेतो म्हणजे तो स्वेच्छेने तयार होता, हे यातून ठसते. बाराव्या शतकात स्पेनमधून निघून इटली, फ्रान्स, इंग्लंडपर्यंत भटकलेल्या अब्राहाम इब्न एज्राला हे पटले नाही. तो म्हणतो, की तसे असते तर इसहाकाची थोरवी वचनाने सांगितली असती. वचन तर त्याच्याविषयी गप्प आहे. तेव्हा तो सुमारे 13 वर्षांचा असावा आणि बापाने त्याला त्याच्या इच्छेविरुद्ध बांधले असावे, हेच बुद्धीला अधिक पटते. हे वाक्य लिहायला धैर्य लागले असेल, आणि मिद्राशवर जीव असूनही या मुद्द्यावर मी इब्न एज्राच्या बाजूचा आहे.

तिकडे उत्तर फ्रान्समध्ये, ट्रॉय शहरात, रब्बी श्लोमो यित्झहाकी म्हणजे राशी (1040–1105) यांनी जवळजवळ साऱ्या हिब्रू बायबलवर आणि बहुतेक तालमूदवर भाष्य लिहिले. ते इतके नेमके आहे, की छापील तालमूदच्या जवळजवळ प्रत्येक पानावर मूळ मजकुराला लागून राशीचा रकाना असतो, आणि ज्यू मुले आजही तोरा राशीसकट शिकतात. अवघड हिब्रू शब्दाला ते बोलभाषेतला जुना फ्रेंच प्रतिशब्द हिब्रू अक्षरांत देतात. जुन्या फ्रेंचचे अभ्यासक त्या नोंदींना खजिना मानतात. अब्राहामाचा तो संवाद राशींनीही आपल्या भाष्यात ठेवला आहे. त्यांच्यानंतर काही दशकांतच पॅरिसच्या सेंट व्हिक्टर मठातले ख्रिस्ती अभ्यासक, विशेषतः अँड्र्यू, ज्यू शेजाऱ्यांना विचारून बायबलचा सरळ अर्थ टिपू लागले. चौदाव्या शतकात फ्रान्सिस्कन संन्यासी निकोलस ऑफ लायरा याने 1322 ते 1331 या काळात लॅटिन भाष्य लिहिले, त्यात पानोपानी राशींचा उल्लेख आहे. आणि मार्टिन लूथरने ‘उत्पत्ति’वर व्याख्याने दिली तेव्हा लायरा त्याच्या हाताशी होता. ट्रॉयच्या एका रब्बीचे शब्दार्थ असे जर्मन धर्मसुधारणेपर्यंत पोचले. त्याच लूथरने ज्यूंविरुद्ध अत्यंत विषारी लेखन केले हेही इथेच नोंदवायला हवे.

कारण या देवघेवीला सत्तेची धार होती, आणि ती धार बहुतेक वेळा एकाच बाजूच्या हाती होती. 1096 साली पहिल्या धर्मयुद्धाला निघालेल्या जमावांनी ऱ्हाइन नदीकाठच्या ज्यू वस्त्यांवर हल्ले केले. बाप्तिस्मा घ्या नाहीतर मरा, असा प्रसंग आला तेव्हा माइन्झ आणि इतर गावांत आई-बापांनी आपली मुले स्वतःच्या हातांनी मारली. तिथल्या हिब्रू बखरी विचारतात, की एका दिवसात इतक्या अकेदा कधी झाल्या होत्या का? पुढे बॉनच्या एफ्राइम या कवीने अकेदावर कविता लिहिली. तीत अब्राहाम इसहाकाला खरोखर मारतो, स्वर्गातून उतरलेल्या दवाने मुलगा जिवंत होतो, बाप त्याला पुन्हा धरतो आणि देवदूत आक्रोश करतात. ‘उत्पत्ति’त होमानंतर ‘अब्राहाम आपल्या गड्यांकडे परत आला’ एवढेच आहे. इसहाक परत आला असे लिहिलेले नाही. ती मोकळी जागा बाराव्या शतकातल्या ज्यूंनी आपल्या मुलांच्या आठवणीने भरली. मुलगा मेला आणि पुन्हा उठला असे म्हणणाऱ्यांना इब्न एज्राने वचनाच्या विरुद्ध बोलणारे ठरवले होते.

1240 साली पॅरिसमध्ये तालमूदवर खटला चालला आणि 1242 साली त्याची हस्तलिखिते गाड्या भरभरून जाळली गेली. 1263 साली बार्सिलोनात राजासमोर वाद झाला. ज्यू धर्म सोडून ख्रिस्ती झालेला पाब्लो ख्रिस्तियानी अग्गादेतलीच वचने काढून येशू हा मसीहा, म्हणजे ज्यू ज्याची वाट पाहतात तो तारणारा, असल्याचे सिद्ध करू पाहत होता. गिरोना येथील रब्बी मोशे बेन नहमान यांनी उत्तर दिले, की बायबल आम्ही मानतो, तालमूद आज्ञांच्या अर्थासाठी मानतो, पण मिद्राश ही प्रवचने आहेत, ज्याला पटेल त्याने मानावीत आणि न मानणाऱ्याचे काही बिघडत नाही. हलाखा आणि अग्गादा यांतला तो फरक इथे ढालीसारखा कामी आला. त्यांना हे मनापासून वाटत होते का, यावर अभ्यासक अजून वाद घालतात, कारण त्यांच्या स्वतःच्या भाष्यात मिद्राशविषयी अपार आदर दिसतो.

या परंपरेची एक शाखा मराठीतही आहे. कोकणातल्या बेने इस्रायल या मराठी बोलणाऱ्या ज्यूंकडे शनिवारची सुट्टी, सुंता आणि ‘शेमा’ ही प्रार्थना पिढ्यान्‌पिढ्या टिकून होती, पण ग्रंथ नव्हते आणि हिब्रू वाचता येत नव्हती. कोचीनचे ज्यू शिक्षक आणि पुढे स्कॉटिश मिशनरी यांच्याकडून त्यांना ती विद्या मिळाली. जॉन विल्सन यांनी 1832 साली मुंबईत हिब्रूचे व्याकरण मराठीतून छापले. त्यांना हे लोक ख्रिस्ती व्हावेत असे वाटत होते. फार थोडे झाले, आणि बाकीच्यांनी त्या विद्येने आपलेच शास्त्र वाचायला घेतले. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात त्यांनी बायबलातल्या कथांवर मराठी कीर्तनेही रचली. अब्राहामाचे आख्यान, योसेफाचे आख्यान. केडगावला पंडिता रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीक शिकून बायबलचा मराठी अनुवाद केला तो ख्रिस्ती बाजूने, आणि तो 1924 साली पूर्ण रूपात आला.

मुंबईत मांडवीजवळ 1796 साली स्थापन झालेले शाअर हरहमीम हे बेने इस्रायलांचे सिनेगॉग आहे. जुनी माणसे त्याला मशीदच म्हणत. ज्यू नववर्षाच्या दुसऱ्या दिवशी जगभरातल्या सिनेगॉगांत ‘उत्पत्ति’चा 22वा अध्याय वाचतात, आणि झुडपात शिंगे अडकलेल्या त्या एडक्याची आठवण म्हणून शोफार फुंकतात. शोफार एडक्याचे शिंग असते. ते फुंकण्याआधी वाचन करणाऱ्याच्या तोंडून ते वचन येऊन गेलेले असते : तुझा मुलगा, तुझा यहीद, ज्याच्यावर तुझे प्रेम आहे तो. आदल्या दिवशी, नववर्षाच्या पहिल्या दिवशी, जो अध्याय वाचलेला असतो त्यात अरण्यात पाण्यावाचून तहानेने मरायला टेकलेल्या दुसऱ्या मुलाचे रडणे देव ऐकतो. तो मुलगा इश्माएल.